इलियड संपलं, पण लाकडी घोडा आलाच नाही. माझी प्रत अपुरी आहे का?

मुक्ता_ठाणे

नमस्कार मंडळी,

बाबांची नजर अधू झाल्यापासून संध्याकाळी मी त्यांना काही ना काही वाचून दाखवते. या वेळी त्यांनी स्वतःहून इलियड, म्हणजे होमरचं ट्रॉयच्या युद्धावरचं ग्रीक महाकाव्य, मागितलं. ट्रॉयच्या लाकडी घोड्याची गोष्ट त्यांनी लहानपणी मास्तरांकडून ऐकली होती आणि ती एकदा मुळातून ऐकायची होती. माझ्याकडे इंग्रजी गद्य भाषांतर आहे. एकेक परिच्छेद मनात वाचायचा आणि मराठीत सांगायचा, असं आमचं चालतं.

काल चोविसावा सर्ग संपला. ट्रॉयच्या राजपुत्राचं, हेक्टरचं दहन झालं, अस्थी सोन्याच्या पेटीत ठेवल्या, वर दगड रचले, त्याचा बाप राजा प्रायम याच्या वाड्यात सगळे जेवले आणि पुस्तक संपलं. बाबा थोडा वेळ गप्प होते, मग म्हणाले, "आणि घोडा?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. ग्रीकांचा वीर अकिलीस जिवंत आहे, त्याच्या त्या प्रसिद्ध टाचेला काही झालेलं नाही. हेलनला पळवून आणणारा पॅरिस धडधाकट आहे. हेलन अजून ट्रॉयमध्येच आहे आणि शहर जसंच्या तसं उभं आहे. मागच्या टिपा चाळल्या, तिथेही काही मिळालं नाही.

माझी प्रत संक्षिप्त आहे का? नसेल तर घोडा आणि टाच या गोष्टी येतात कुठून? आणि बाबांना यापुढे काय वाचून दाखवू? त्यांचा प्रायमवर फार जीव जडला आहे. तो म्हातारा रात्री शत्रूच्या तंबूत शिरतो आणि ज्या हातांनी आपली मुलं मारली त्यांचंच चुंबन घेतो, ते सांगत होते तेव्हा बाबा "थांब जरा" म्हणाले, पाणी प्यायले आणि तेवढा भाग पुन्हा सांगायला लावला.

---

नीलकंठ७

२४ सर्ग असतील तर प्रत पूर्ण आहे. इलियड तिथेच संपतं. घोडा होमरच्याच ओडिसीत येतो, तोही थोडाच. सविस्तर हवा असेल तर रोमन कवी व्हर्जिलच्या ईनिडचा दुसरा सर्ग वाचा.

---

पारावरचा_ग्रंथपाल

मुक्ताताई, नीलकंठ म्हणतात ते बरोबर आहे. पण तुमच्या बाबांच्या प्रश्नाला एवढ्यावर सोडू नये असं मला मनापासून वाटतं. माझी नोकरी तालुक्याच्या वाचनालयात झाली. इलियड परत करायला येणारा वाचक टेबलापाशी उभा राहून हेच विचारायचा, आणि मला त्याचा आनंद व्हायचा, कारण याचा अर्थ त्याने पुस्तक शेवटपर्यंत वाचलेलं असायचं.

युद्ध दहा वर्षं चाललं. होमरने त्यातले शेवटच्या वर्षातले काही आठवडे तेवढे उचलले आहेत. त्याला काय सांगायचंय ते तो पहिल्याच ओळीत सांगतो: अकिलीसचा राग. हा राग ग्रीकांचा सेनापती अगामेम्नॉनने त्याच्या वाट्याला आलेल्या ब्रिसेइसला नेलं तेव्हा पेटला. जिवलग मित्र पॅट्रोक्लस हेक्टरच्या हातून पडल्यावर तो हेक्टरकडे वळला. हेक्टरला मारूनही शमला नाही, म्हणून अकिलीस त्याचं प्रेत रथाला बांधून मित्राच्या समाधीभोवती फरफटत राहिला. बारा दिवस हे चाललं होतं. तो राग विझतो प्रायमसमोर, जेव्हा त्या म्हाताऱ्याकडे बघून अकिलीसला आपला बाप आठवतो आणि दोघं एकाच तंबूत बसून आपापल्या माणसांसाठी रडतात. मग तो स्वतः हेक्टरला उचलून तिरडीवर ठेवतो. इतकंच काय, अंत्यविधीसाठी किती दिवस लागतील हे विचारून तेवढे दिवस लढाई थांबवण्याचं वचन देतो. यानंतर घोडा आणला असता तर काव्य विस्कटलं असतं. होमर थांबला ती जागा मला सगळ्या ग्रीक वाङ्मयात सर्वात मोठी वाटते.

शिवाय ऐकणाऱ्यांना पुढचं माहीत होतं, आणि होमर त्याची आठवण करून देत राहतो. एकोणिसाव्या सर्गात अकिलीसचा घोडा झँथस माणसाच्या आवाजात बोलून त्याला मरण जवळ आल्याचं सांगतो. बाविसाव्यात हेक्टर प्राण सोडताना म्हणतो की पॅरिस आणि अपोलो तुला स्कीयन वेशीपाशी मारतील. अगदी शेवटच्या सर्गातल्या विलापात हेक्टरची बायको अँड्रोमॅकी भीती बोलून दाखवते की कुणीतरी ग्रीक आपल्या लेकराला तटावरून खाली फेकून देईल. पुढे तसंच घडतं. म्हणजे ट्रॉय पडताना दिसत नाही, पण हेक्टर गेला तेव्हाच ते पडलं, हे आपल्याला कळलेलं असतं.

राहिलेल्या गोष्टींसाठी वेगळी काव्यं होती. युद्धाच्या आधीचं सगळं सायप्रियात, हेक्टरनंतरचं इथिओपिसमध्ये, घोड्याची बांधणी लघु इलियडमध्ये, शहराची राखरांगोळी 'ट्रॉयचा विध्वंस' या काव्यात. ही सगळी नष्ट झाली. तुरळक ओळी आणि प्रोक्लस नावाच्या एका लेखकाने काढलेला गोषवारा एवढंच उरलं, तोही इलियडच्या काही हस्तलिखितांबरोबर नकलला गेला म्हणून. आज आपण 'ट्रॉयची गोष्ट' म्हणून जे सांगतो ते या गोषवाऱ्यातून, ओडिसीतून, अथेन्सच्या नाटकांतून आणि रोमन कवींकडून जुळवलेलं आहे.

आता बाबांसाठी. थेट व्हर्जिलकडे जाऊ नका, असा माझा आग्रह आहे. आधी ओडिसीचा आठवा सर्ग घ्या. तिथे ट्रॉयहून घरी परतणारा ग्रीक वीर ओडिसियस सगळं गमावून फेएशियन लोकांच्या दरबारात पाहुणा म्हणून बसला आहे. तो कोण आहे हे कुणालाच ठाऊक नाही. डेमोडोकस हा आंधळा गायक गातो आहे. ओडिसियस आपल्या पानातला मांसाचा चांगला तुकडा कापून त्याला पाठवतो आणि स्वतः फर्माईश करतो: एपियसने अथेनाच्या मदतीने बांधलेल्या घोड्याचं गा. डेमोडोकस गातो. घोडा शहरात आणलेला आहे, भोवती ट्रोजन वाद घालताहेत: फोडून बघावा, कड्यावरून ढकलून द्यावा, की देवांना अर्पण म्हणून राहू द्यावा? तिसरं मत जिंकतं.

आणि ज्याने ही मसलत लढवली तोच माणूस ते ऐकून रडायला लागतो. होमर म्हणतो, तो अशा बाईसारखा रडला जिचा नवरा आपल्या शहरासाठी लढताना पडला आहे, जी त्याच्या अंगावर कोसळून आक्रोश करते आहे, आणि मागून सैनिक भाल्याने तिच्या पाठीवर, खांद्यांवर मारून तिला गुलामीत हाकलताहेत. ही बाई म्हणजे अँड्रोमॅकीच की! जिंकणाऱ्याच्या डोळ्यांत हरलेल्या बाईचं पाणी ठेवणारा कवी मला दुसरा माहीत नाही. ज्या बाबांना प्रायमचा तो प्रसंग पुन्हा ऐकावासा वाटला, त्यांना हे नक्की भावेल.

मग चौथा सर्ग. तिथे हेलनचा नवरा मेनेलाउस सांगतो की घोड्याच्या पोटात ते बसलेले असताना हेलनने त्याच्याभोवती तीन फेऱ्या मारल्या आणि आतल्या वीरांना त्यांच्या बायकांच्या आवाजात एकेकाचं नाव घेऊन हाका मारल्या. अँटिक्लस ओ देणार तोच ओडिसियसने दोन्ही हातांनी त्याचं तोंड दाबून धरलं. ही गोष्ट नवरा सांगतो आहे, आणि हेलन तिथेच समोर बसली आहे. सगळ्यांना दुःखाचा विसर पडावा म्हणून तिने थोड्याच वेळापूर्वी दारूत इजिप्तहून आणलेलं औषध मिसळलेलं आहे.

---

अनघा_म्युनिक

घोड्यावरून आठवलं. आम्ही मिकोनोस या ग्रीक बेटावर गेलो होतो. लोक तिथे समुद्रकिनाऱ्यासाठी जातात, पण बंदराजवळच्या पुरातत्त्व संग्रहालयात एक मोठा रांजण आहे, माणसाच्या छातीला लागेल एवढ्या उंचीचा. काळ साधारण इ.स.पू. ६७०. सापडला १९६१ मध्ये. त्याच्या मानेवर ट्रॉयचा घोडा कोरला आहे. पायांना चाकं, आणि अंगात चौकोनी खिडक्या, प्रत्येक खिडकीतून एक डोकं बाहेर बघतंय. काही सैनिक आपली हत्यारं बाहेर काढून देताहेत. घोड्याच्या या चित्रापाशी सगळे पर्यटक फोटो काढत होते.

मला मात्र खालच्या ओळींनी धरून ठेवलं. तिथे चौकटीचौकटींत सैनिक, बाया आणि मुलं आहेत. एका बाईच्या हातून मूल ओढून घेतलं जातंय, दुसरीच्या देखत लेकराच्या अंगात तलवार जातेय. कुंभाराने विजयाचा जल्लोष कुठेही काढलेला नाही. ग्रंथपालकाकांनी त्या रडणाऱ्या बाईबद्दल लिहिलंय ते वाचलं आणि तो रांजण डोळ्यांपुढे आला.

---

दर्यावर्दी_रत्नागिरी

मी व्यापारी जहाजावर असतो. काळ्या समुद्राकडे जाताना दार्दानेल्सची सामुद्रधुनी लागते. एजियन समुद्रातून आत शिरताना उजव्या हाताला जो आशियाचा किनारा, त्याच्या आत काही किलोमीटरवर हिसार्लिकची टेकडी आहे. तेच ट्रॉय.

पुस्तकातलं मला फार कळत नाही, पण ती जागा शहरासाठी का निवडली ते जहाजावरच्या माणसाला लगेच कळतं. सामुद्रधुनीत वरच्या पाण्याचा ओढा कायम मार्मारा समुद्राकडून एजियनकडे असतो, आणि उन्हाळ्यात वाराही उत्तरेकडूनच, म्हणजे तोंडावर. इंजिन असूनही ते जाणवतं. शिडाच्या होड्यांना अनुकूल वारा येईपर्यंत तोंडाशी नांगर टाकून थांबण्यावाचून इलाज नव्हता. होमर ट्रॉयला वाऱ्याचं शहर म्हणतो, ते शंभर टक्के खरं आहे.

सुट्टीत मुद्दाम तिथे गेलो होतो. टेकडीवरून बघितलं तर समुद्र लांब दिसतो आणि मध्ये शेतं. आमच्या वाटाड्याने सांगितलं की त्या काळी खाडी शहराच्या जवळपर्यंत होती, स्कामांडर आणि सिमोइस या नद्यांच्या गाळाने ती भरत गेली. कोकणातल्या माणसाला हे समजवावं लागत नाही, आमच्या खाड्याही अशाच बुजताहेत. टेकडीत एकावर एक नऊ वस्त्यांचे थर आहेत. जर्मन उत्खनक श्लीमनने १८७० च्या दशकात मधूनच मोठा चर खणला, तो आजही दिसतो. १८७३ मध्ये मिळालेल्या सोन्याला त्याने प्रायमचा खजिना म्हटलं, पण तो थर ट्रॉयच्या युद्धाचा जो काळ मानतात त्याच्या हजारएक वर्षं आधीचा निघाला. ते सोनं आता मॉस्कोच्या संग्रहालयात आहे.

जवळच्या चनाक्कले शहरात धक्क्यावर एका हॉलिवूड चित्रपटासाठी केलेला भलामोठा घोडा ठेवलाय. मुक्ताताई, बाबांना फोटो दाखवता येत नसेल तर सांगा, तो दिसायला फळ्या आणि दोरखंडांनी बांधलेल्या फुटक्या जहाजासारखा आहे, आणि मला तेच पटलं. किनाऱ्यावर अडकलेल्या खलाशांकडे लाकूड म्हटलं तर जहाजांचंच असणार.

---

मुक्ता_ठाणे

सगळ्यांचे मनापासून आभार. आज आठवा सर्ग सुरू केला. दर्यावर्दी, तुमचं वाऱ्याचं वर्णन बाबांना जसंच्या तसं वाचून दाखवलं. त्यांनी विचारलं, त्या खाडीतच ग्रीकांची जहाजं ओढून ठेवली होती का?

ग्रंथपालकाका, टाचेचं राहिलं. आणि एक धास्ती आहे. प्रायमचं पुढे काय होतं ते मी शोधून वाचलं. ते बाबांना सांगू का?

---

दर्यावर्दी_रत्नागिरी

त्यावर अभ्यासकांत वाद आहे म्हणे. काहींच्या मते खाडीत, काहींच्या मते एजियनच्या बाजूला बेशिक नावाचा उपसागर आहे तिथे. माझं मत विचाराल तर बेशिक. सामुद्रधुनीचा ओढा टाळून जहाजं ठेवायला ती जागा चांगली आहे.

---

पारावरचा_ग्रंथपाल

टाचेबद्दल मला जरा सविस्तर लिहायचं आहे, कारण ती गोष्ट प्रसिद्ध झाली आणि तिने होमरच्या अकिलीसला झाकून टाकलं.

इलियडमध्ये अकिलीसचं शरीर तुमच्याआमच्यासारखं आहे. एकविसाव्या सर्गात अॅस्टेरोपायस दोन्ही हातांनी एकाच वेळी दोन भाले फेकतो. त्यातला एक अकिलीसच्या उजव्या हाताला कोपरापाशी चाटून जातो आणि रक्त येतं. बाबांना हा भाग तुम्ही सांगितला असेलच. त्याला चिलखत लागतं, आणि पॅट्रोक्लसबरोबर पहिलं गेलं म्हणून आई थेटिस देवांचा लोहार हेफेस्टस याच्याकडे जाऊन नवं घडवून आणते. अंगाला शस्त्र लागतच नसतं तर या सगळ्याची गरज काय होती?

आईने त्याला टाचेला धरून पाताळातल्या स्टिक्स नदीत बुडवलं आणि टाच तेवढी कच्ची राहिली, ही गोष्ट आज उपलब्ध असलेल्या साहित्यात प्रथम रोमन कवी स्टेशियसकडे येते, इसवी सनाच्या पहिल्या शतकात. होमरनंतर किती शतकं गेली बघा. त्याच्या आधी ग्रीक कवी अपोलोनियसकडे वेगळीच गोष्ट आहे. थेटिस रात्री बाळाला विस्तवात धरून त्याच्यातलं मर्त्यपण जाळायची आणि दिवसा अंगाला अमृत चोळायची. एका रात्री बापाने बघितलं, तो ओरडला, आणि ती मुलाला टाकून समुद्रात निघून गेली. पायाला बाण लागल्याची कल्पना मात्र जुनी असावी. इ.स.पू. सहाव्या शतकातल्या एका कलशावर पडलेल्या अकिलीसच्या घोट्यातून बाण आरपार गेलेला होता. तो कलश आता हरवला आहे, रेखाटन शिल्लक आहे. पण त्या चित्रात कुशीतही एक बाण आहे. म्हणजे शरीराचा बाकीचा भाग अभेद्य होता असं त्या चित्रकाराला वाटत नव्हतं.

इलियडच्या नवव्या सर्गात अकिलीस स्वतः सांगतो की आईने त्याला दोन वाटा सांगितल्या आहेत. इथे राहून लढलास तर घरी परतणार नाहीस, पण कीर्ती उरेल. परत गेलास तर कीर्ती नाही, आयुष्य लांब. त्याला हे ठाऊक आहे आणि तरी पॅट्रोक्लससाठी तो उठतो. पुढे प्रायमचा मुलगा लिकेऑन त्याच्या पाया पडून जीवदान मागतो तेव्हा तो म्हणतो की पॅट्रोक्लस गेला, तो तुझ्याहून कितीतरी मोठा होता, आणि मीही एखाद्या सकाळी नाहीतर दुपारी असाच मरणार आहे. ज्याला फक्त टाच सांभाळायची आहे त्या माणसाच्या तोंडी हे बोलणं शोभत नाही. म्हणून मला टाच नसलेलाच अकिलीस मोठा वाटतो.

प्रायमबद्दल: सांगा. वयस्क माणसापासून म्हाताऱ्याचं मरण लपवू नये. अकिलीसचा मुलगा निओप्टोलेमस त्याला झ्यूसच्या वेदीपाशी मारतो. व्हर्जिलच्या दुसऱ्या सर्गात ते आहे, आणि तिथे मरताना प्रायम त्या पोराला ऐकवतो: ज्याचा तू मुलगा म्हणवतोस तो अकिलीस माझ्याशी असा वागला नव्हता, त्याने माझा हेक्टर मला परत दिला होता. इलियड ऐकलेल्या माणसाला या वाक्याचं जेवढं वजन कळेल तेवढं इतरांना कळणार नाही. त्यानंतर युरिपिडीसचं 'ट्रॉयच्या स्त्रिया' हे नाटक घ्या. अथेन्समध्ये ते इ.स.पू. ४१५ मध्ये सादर झालं. त्यात हेक्युबा आपल्या नातवाला, त्या अस्त्यानॅक्सला, हेक्टरच्या ढालीवर ठेवून पुरायला देते. इलियडच्या सहाव्या सर्गात बापाच्या शिरस्त्राणावरच्या तुऱ्याला घाबरून दाईच्या कुशीत शिरलेलं बाळ तेच. मात्र एका बैठकीत हे सगळं वाचू नका.

---

सदाशिव_पेठी

टाचेवरून महाभारताची आठवण येणारच. गांधारीने डोळ्यांवरची पट्टी काढून बघितलं आणि मांडी सोडून दुर्योधनाचं सगळं अंग वज्राचं झालं, ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकतो. भांडारकर संस्थेने पुण्यात १९१९ ते १९६६ या काळात शेकडो हस्तलिखितं ताडून चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, तिच्यात ती नाही. मला त्या गोष्टी टाकाऊ वाटत नाहीत, लोकांनी प्रेमाने घातलेल्या आहेत. पण मूळ दुर्योधन शरीराने साधा माणूस होता आणि गदा चालवण्याची मेहनत त्याने केली होती, हे कळल्यावर त्याच्याबद्दलचा माझा आदर वाढला.

---

नीलकंठ७

एक राहिलं. हेक्टरनंतर लगेच घोडा, असा क्रम लावू नका, मध्ये बरंच आहे. अॅमेझॉनांची राणी पेंथेसिलीया ट्रॉयच्या मदतीला येते, मग इथिओपियाचा राजा मेम्नॉन. दोघांनाही अकिलीस मारतो आणि त्यानंतर स्वतः पडतो. मग त्याच्या चिलखतावरून अजॅक्स आणि ओडिसियसचं भांडण, अजॅक्सची आत्महत्या, लेम्नॉस बेटावर टाकून दिलेल्या फिलोक्टेटीसला परत आणणं. शेवटच्या दोन्हींवर सोफोक्लीसची नाटकं आहेत.

---

मुक्ता_ठाणे

इथिओपियाचा राजा? हे अगदीच नवीन. हे सगळं एका जागी मिळेल असं काही आहे का?

---

पारावरचा_ग्रंथपाल

आहे. क्विंटस स्मिर्नियस, म्हणजे आजच्या इझमीरकडचा कवी, बहुधा इसवी सनाच्या तिसऱ्या शतकातला. हेक्टरच्या अंत्यविधीनंतर जिथे इलियड संपतं तिथूनच तो उचलतो आणि ग्रीकांची जहाजं परत निघेपर्यंत १४ सर्गांत नेतो. पहिल्यात पेंथेसिलीया, दुसऱ्यात मेम्नॉन, तिसऱ्यात अकिलीसचं मरण, बाराव्यात घोडा. होमरची उंची त्याच्याकडे नाही, आणि युद्धवर्णनं लांबतात, ती तुम्ही खुशाल आवरती घ्या. मेम्नॉनचा सर्ग मात्र पूर्ण सांगा. तो उषादेवीचा, इऑसचा मुलगा. इजिप्तमध्ये लक्सरजवळ फेरो तिसऱ्या आमेनहोतेपचे जे दोन प्रचंड बैठे पुतळे आहेत, त्यांना ग्रीक प्रवाशांनी याच मेम्नॉनचं नाव दिलं. त्यातला एक भंगल्यावर पहाटे त्यातून आवाज यायचा. मेम्नॉन आईला हाक मारतोय असं म्हणत लोक लांबून तो ऐकायला यायचे आणि दगडावर आपली नावं, कविता कोरून जायचे. त्या कविता पुतळ्याच्या पायांवर अजून वाचता येतात.

क्विंटसची इंग्रजी गद्य आणि पद्य दोन्ही भाषांतरं आहेत. सांगण्यासाठी गद्य घ्या.